लेबर रूममध्ये सोबतीला कोण? डूला आणि मिडवाइफबद्दल सविस्तर उत्तर

प्रश्न थोडक्यात असा आहे. वाकडला राहणारी पहिलटकरीण, अठ्ठाविसावा आठवडा. रक्तदाब, साखर, हिमोग्लोबिन सगळं ठीक, बाळ एकच. ज्या खासगी हॉस्पिटलात नाव घातलंय तिथे सांगितलं, “लेबर रूममध्ये नातेवाइकांना सोडत नाही.” सासूबाईंचं म्हणणं, “एवढे डॉक्टर असताना आणखी बाई कशाला?” तिला विचारायचंय की डूला (कळांच्या काळात सोबत करणारी, धीर देणारी बाई) ठेवावी का, पुण्यात मिडवाइफ (बाळंतपण करणारी प्रशिक्षित नर्स) मिळते का, आणि हॉस्पिटलला हे पटवायचं कसं.

सासूबाईंच्या प्रश्नापासून सुरुवात करते. तो रास्त आहे आणि बाकीची उत्तरं त्यातूनच निघतात.

पहिलटकरणीला बारीक कळा सुरू झाल्यापासून बाळ हातात येईपर्यंत अठरा-वीस तास सहज जाऊ शकतात. त्यातला किती वेळ डॉक्टर तिच्या उशाशी असतात? भरती करताना, मधूनमधून आतून तपासायला, आणि शेवटी बाळ बाहेर येताना. यात डॉक्टरांचा काही दोष नाही. एकट्या डॉक्टरच्या नर्सिंग होममध्ये संध्याकाळची ओपीडी असते, वरच्या मजल्यावर सिझरच्या पेशंट असतात, रात्री दुसरी कुणी अडते. मोठ्या हॉस्पिटलात एका सिस्टरकडे तीन-चार बायका असतात, शिवाय फाइल, औषधं, फोन. म्हणजे ज्या वेळात बाई सर्वांत जास्त घाबरलेली असते, त्या वेळात तिच्याजवळ कुणीच नसतं किंवा दर अर्ध्या तासाला वेगळं माणूस डोकावून जातं. ही रिकामी जागा कुणी भरायची, एवढाच मुद्दा आहे. डॉक्टरांच्या जागी कुणाला बसवायचं नाहीये.

एकटं पडल्याने नुसतं वाईट वाटतं असं नाही, शरीरावर परिणाम होतो. भीती वाटली की अ‍ॅड्रेनलिन वाढतं, कळा आणणाऱ्या ऑक्सिटोसिनचं काम मंदावतं, कळा विरळ होतात. मग “प्रोग्रेस नाही” म्हणून कळांचं सलाईन लागतं. सलाईनच्या कळा दाट आणि जोरदार असतात, बाईला उसंत मिळत नाही, दोन कळांमध्ये बाळालाही पुरेसा रक्तपुरवठा परत मिळत नाही. बाळाचे ठोके उतरायला लागले की सिझर. प्रत्येक पायरीवर घेतलेला निर्णय त्या क्षणी बरोबरच असतो, पण पहिली पायरी टाळता आली असती.

याला पुरावा आहे. २०१७ च्या कॉक्रेन आढाव्यात (अनेक अभ्यास एकत्र तपासून काढलेला निष्कर्ष) १७ देशांतले २६ अभ्यास आणि १५ हजारांहून जास्त बाळंतिणी होत्या. ज्यांच्याजवळ कळांच्या पूर्ण काळात एक माणूस सलग होतं, त्यांच्यात सिझर सुमारे पाव हिश्श्याने कमी झाली, कळांचा काळ सरासरी ४० मिनिटांनी घटला, आणि जन्मल्यावर पाच मिनिटांनी मलूल असलेली बाळंही कमी निघाली. इतक्या स्वस्त उपायाचा इतका परिणाम प्रसूतिशास्त्रात फार थोड्या गोष्टींत दिसतो. सलग हा शब्द मात्र सोडू नका. येऊन-जाऊन केलेल्या सोबतीचा हा हिशेब नाही.

आपल्याकडचं चित्रही पाहा. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत देशभरात सिझरचं प्रमाण २१.५ टक्के होतं. सरकारी दवाखान्यांत १४.३, खासगीत ४७.४. खासगीतली जवळपास निम्मी बाळंतपणं ऑपरेशनने होतात, आणि एवढ्या बायकांना खरोखर त्याची गरज होती असं म्हणता येत नाही. दुसऱ्या बाजूने, २०१८-२० च्या आकड्यांनुसार महाराष्ट्रात दर लाख जिवंत जन्मांमागे ३३ मातामृत्यू होते, देशाची सरासरी ९७. हे यश दवाखान्यांतल्या बाळंतपणांचं, रक्तपेढ्यांचं, भूल देणाऱ्या डॉक्टरांचं आणि आशाताईंचं आहे. मिडवाइफ-डूलाची बाजू मांडताना हे यश हातचं जाऊ द्यायचं नाही. जे कुणी “हॉस्पिटल टाळा, निसर्गावर सोपवा” असं सांगतात, त्यांच्यापासून चार हात लांब राहा.

आता दोघींमधला फरक, कारण इथेच सर्वांत जास्त घोळ होतो.

मिडवाइफ वैद्यकीय काम करते. पोट तपासणं, बाळाचे ठोके ऐकणं, आतून तपासणी, बाळंतपण स्वतः करणं, वार काढणं, टाके घालणं, बाळाला श्वास द्यायला लागला तर तो देणं, रक्तस्राव ओळखून पहिले उपचार करणं, आणि गुंतागुंत दिसली की वेळेत डॉक्टरांकडे सोपवणं. डूला यातलं काहीही करत नाही. ती आतून तपासत नाही, ठोके मोजत नाही, औषध देत नाही, सलाईनच्या चाकाला हात लावत नाही. तिचं काम सोबत, आराम, माहिती आणि धीर. डूला तुम्हाला “किती उघडलंय बघते” म्हणाली तर त्याच दिवशी तिचं काम थांबवा.

कायद्यानेही दोघींची स्थिती वेगळी आहे. भारतात डूलांसाठी सरकारी नोंदणी नाही. कुठल्या तरी संस्थेचं प्रशिक्षण घेतल्याचं प्रमाणपत्र असतं, काहींकडे तेही नसतं. मिडवाइफ मात्र नोंदणीकृत नर्स असते. जीएनएम (नर्सिंगचा डिप्लोमा) किंवा बीएस्सी नर्सिंग केल्यावर महाराष्ट्र नर्सिंग कौन्सिलकडे नर्स आणि मिडवाइफ अशी नोंदणी होते. पण या नोंदणीवरून ती आज स्वतःच्या हाताने बाळंतपणं करते असं समजू नका. अनेकींची नोंदणी जुनी आणि नोकरी आयसीयूत असते. म्हणून विचारायचं असं: गेल्या वर्षभरात स्वतः किती बाळंतपणं केली, कुठल्या हॉस्पिटलात, आणि मदतीला कुठले डॉक्टर असतात.

केंद्र सरकारने डिसेंबर २०१८ मध्ये मिडवाइफरी सेवांच्या मार्गदर्शक सूचना काढल्या. अनुभवी नर्सला १८ महिन्यांचं जादा प्रशिक्षण देऊन ‘नर्स प्रॅक्टिशनर इन मिडवाइफरी’ करायचं, आणि जास्त बाळंतपणं होणाऱ्या सरकारी रुग्णालयांत मिडवाइफने चालवायचे कक्ष उभे करायचे, ऑपरेशन थिएटर हाकेच्या अंतरावर ठेवून. तेलंगणाने हे काम त्याच्या आधीच, २०१७ मध्ये हाती घेतलं होतं. पुण्यासारख्या शहरात, जिथे नर्सिंगची इतकी कॉलेजं आहेत, असे कक्ष आता नेहमीचे व्हायला हवे होते. अजून झालेले नाहीत. त्यामुळे तुमच्यासारख्या बाईला मिडवाइफ हवी असेल तर जिथे मिडवाइफ आणि प्रसूतितज्ज्ञ एकाच टीममध्ये काम करतात अशा ठिकाणीच नाव घाला. स्वतंत्रपणे घरी येणारी मिडवाइफ आणि नाव घातलेलं हॉस्पिटल यांची एकमेकांशी ओळखच नसेल, तर ऐन वेळी गोंधळ ठरलेला.

तुमचं हॉस्पिटल ठरलंय, तारीख अजून बारा आठवडे लांब आहे. तुम्ही डूला शोधा, असं माझं मत आहे. तिसाव्या आठवड्यापर्यंत ठरवलं तर भेटींना वेळ मिळतो. अडतिसाव्या आठवड्यात घाईने ठेवलेली डूला बहुतेकदा अनोळखीच राहते, आणि अनोळखी माणसासमोर कळा घेणं अवघड जातं.

चांगली डूला कळांच्या वेळी नेमकं काय करते, ते जरा जवळून सांगते.

समजा संध्याकाळी घरी कळा सुरू झाल्या, दहा-दहा मिनिटांनी, पंचेचाळीस सेकंद टिकणाऱ्या. ती फोनवर तुमचं बोलणं ऐकते. कळ येताना तुम्हाला वाक्य पूर्ण करता येतंय का? येत असेल तर अजून वेळ आहे. ती सांगेल जेवा (वरण-भात, खिचडी, केळं, ताक), लघवी करा, दिवा मंद करून डाव्या कुशीवर पडा, झोप लागली तर लागू द्या. बहुतेक घरांत इथेच चुकतं. पहिल्या कळेला सगळं घर जागं होतं, बाई रात्रभर येरझाऱ्या घालते आणि खऱ्या कळांच्या वेळी थकलेली असते. खोट्या कळा विश्रांतीने, कोमट पाण्याच्या आंघोळीने विरतात. खऱ्या कळा हळूहळू जवळ येतात आणि लांबत जातात.

कळा पाच मिनिटांवर आल्या, प्रत्येक कळ मिनिटभर टिकतेय आणि हे तासभर चाललंय, की पहिलटकरणीने निघायचं. पुण्यात याला रस्त्याचा हिशेब जोडावा लागतो. हिंजवडी-वाकडकडून डेक्कनला किंवा वाघोलीहून पेठेत यायचं असेल आणि वेळ संध्याकाळी सहा ते नऊ असेल, तर कळा सात-आठ मिनिटांवर असतानाच निघा. अनंत चतुर्दशीच्या आसपासची तारीख आणि हॉस्पिटल लक्ष्मी रोड, टिळक रोडच्या पट्ट्यात असेल, तर मिरवणूक दुसऱ्या दिवसापर्यंत चालते हे धरून हॉस्पिटलचा कुठला रस्ता उघडा असेल ते आठवडाभर आधी विचारून ठेवा. पाणी गेलं असेल, तर कळा नसल्या तरी जा. पाणी हिरवट असेल, ताजं रक्त जात असेल, बाळाची हालचाल कमी वाटत असेल, डोकं ठणकून डोळ्यांपुढे अंधारी येत असेल किंवा दोन कळांच्या मध्येही पोट दगडासारखं राहत असेल, तर डूलाला फोन नंतर, आधी हॉस्पिटल. रुग्णवाहिकेचा १०८ हा नंबर लक्षात असू द्या.

फार लवकर भरती होण्याचा तोटा असा की घड्याळ सुरू होतं. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१८ च्या सूचनांनुसार जोरदार कळांचा टप्पा पिशवीचं तोंड ५ सेंटिमीटर उघडल्यावर धरायचा. तिथून पुढे पहिलटकरणीला साधारण १२ तासांपर्यंत लागू शकतात. तासाला एक सेंटिमीटर झालंच पाहिजे, नाही तर सलाईन लावा, हा जुना नियम एकट्याने पुरेसा नाही असं त्याच सूचना सांगतात. पण तुम्ही २ सेंटिमीटरला भरती झालात तर सहा तासांनी “काहीच प्रगती नाही” असं फाइलमध्ये लिहिलं जातं, आणि घरच्यांचा धीर तिथेच सुटतो.

हॉस्पिटलात पोहोचल्यावर डूलाचं काम बरंचसं हातांचं आहे. कळ कमरेतून येत असेल तर माकडहाडाच्या वरच्या सपाट भागावर तळहाताच्या टाचेने सलग दाब. चोळायचं नाही, कळ सुरू होताना दाबायचं आणि उतरेपर्यंत सोडायचं नाही. किंवा दोन्ही तळहातांनी मागून कुल्ल्यांच्या बाजूंवर आत आणि किंचित वर दाब. नीट जमलं तर बाई स्वतःच सांगते, “तिथेच, तसंच.” गरम पाण्याची पिशवी टॉवेलात गुंडाळून, उघड्या कातडीवर नाही. एपिड्युरल (कळांचं दुखणं कमी करायला पाठीत दिलेली भूल) दिलेल्या बाईला तर शेक नकोच, कारण चटका बसला तरी तिला कळत नाही. दर अर्ध्या-पाऊण तासाला स्थिती बदलायची: उभं राहून नवऱ्याच्या खांद्यावर झुकणं, गुडघे-तळहातांवर, कुशीवर पायांत उशी घालून, मोठ्या बॉलवर बसून. बॉल विकत घेणार असाल तर उंची पाच फूट तीन इंचांपर्यंत असल्यास ५५ सेंटिमीटरचा आणि त्याहून जास्त असल्यास ६५ चा. बसल्यावर गुडघे कमरेपेक्षा किंचित खाली असले पाहिजेत, आणि फरशी गुळगुळीत असेल तर खाली योगा मॅट. उताणं पडून राहणं सर्वांत वाईट. गर्भपिशवीचं ओझं मोठ्या रक्तवाहिनीवर पडतं आणि बाळाला खाली सरकायला गुरुत्वाकर्षणाची मदत मिळत नाही.

दोन तासांनी लघवी करायची आठवण हे फार साधं काम आहे आणि हमखास विसरलं जातं. भरलेलं मूत्राशय बाळाचं डोकं वर अडवून धरतं, आणि बाळंतपणानंतर गर्भपिशवी आवळू देत नाही म्हणून रक्तस्राव वाढवतं. घोट-घोट पाणी, नारळपाणी, लिंबू सरबत चालू ठेवायचं. धोका नसलेल्या बाईला कळांत खाण्या-पिण्याची बंदी घालण्याची गरज नाही. मात्र डॉक्टरांनी ऑपरेशनची शक्यता सांगून उपाशी ठेवायला सांगितलं असेल, तर ते ऐकायचं.

शेवटच्या टप्प्यात “जोर लाव, श्वास धर, अजून, अजून” असा गलका असतो. डूला कानाशी एकच आवाज ठेवते: जोर आपोआप येईल तेव्हा लाव, मध्ये श्वास घे. डोकं दिसायला लागलं की जोर थांबवून फुंकर मारायची, म्हणजे कातडी सावकाश ताणते आणि फाटते कमी. कोमट पाण्याच्या कपड्याने तिथे शेक देणं हे सिस्टरचं किंवा मिडवाइफचं काम, पण त्याची आठवण आधी करून ठेवता येते. सरसकट कट (बाळाला वाट करून द्यायला खाली दिलेली चीर) देऊ नये आणि पोटावरून दाबून बाळ बाहेर ढकलू नये, हेही जागतिक आरोग्य संघटनेच्या त्याच २०१८ च्या सूचनांत आहे.

एपिड्युरल घेणार असाल तरी डूला उपयोगाची आहे. सिझर ठरली असेल तरीही आहे. सिझरच्या टेबलावर बाईच्या डोक्याशी बसून काय चाललंय ते सांगणारं कुणी असलं, तर तो अनुभव पुष्कळ बदलतो. नॉर्मलची खात्री देणारी डूला मात्र नको. ती खात्री कुणीच देऊ शकत नाही, आणि असं आश्वासन मिळालेली बाई ऐन वेळी योग्य ऑपरेशनलाही आडवी येते. अशा गोष्टीत मिनिटं मोलाची असतात आणि बाळाचा मेंदू पणाला लागलेला असतो. मध्ये पडून डॉक्टरांशी वाद घालणारी डूला ही या कामाची सर्वांत मोठी शत्रू आहे. एका हॉस्पिटलात तसं झालं की पुढच्या कित्येक बायकांना दार बंद होतं.

तिने करायचं एवढंच, की तुम्हाला प्रश्न विचारायची आठवण द्यायची. प्रश्न चार आहेत: हे कशासाठी करताय? न केल्यास काय होईल? दुसरा काही उपाय आहे का? आत्ता लगेच करायला हवं, की अर्धा तास थांबता येईल? चौथा प्रश्न सर्वांत कामाचा. “लगेच” असं उत्तर आलं तर पुढे बोलायचं नाही, सही करायची.

डूला निवडताना दोघी-तिघींना भेटा. विचारा: एका महिन्यात किती बायका घेता? (चार-पाचांहून जास्त असतील तर दोन बाळंतपणं एकाच रात्री येण्याची शक्यता वाढते.) तुम्ही आजारी पडलात तर कोण येईल, आणि तिची आमची भेट आधी होईल का? कुठल्या आठवड्यापासून चोवीस तास फोन उचलाल? घरी कधी याल आणि हॉस्पिटलात कधी? सिझर झाली तर फी किती? बाळंतपणानंतर किती भेटी? नुसतं व्हॉट्सअ‍ॅपवरचं मार्गदर्शन आणि प्रत्यक्ष सोबत यांची पॅकेजं वेगळी असतात, ते कागदावर लिहून घ्या. आणखी एक प्रश्न मुद्दाम विचारा: डॉक्टरांचा सल्ला तुम्हाला पटला नाही तर काय करता? “मी बाईंना प्रश्न विचारायला सांगते, निर्णय त्यांचा आणि डॉक्टरांचा” हे बरोबर उत्तर. “मी थांबवते” म्हणणारीला नमस्कार करून परत या. तेल, गोळ्या, एरंडेल सुचवणारीलाही. एरंडेलाने जुलाब लागतात, अंगातलं पाणी जातं आणि कळा अवेळी चाळवतात.

आता हॉस्पिटल. रिसेप्शनवर विचारू नका, तिथे नियमच सांगितला जाणार. बत्तिसाव्या आठवड्याच्या आत, ओपीडीत, डॉक्टरांशी बोला आणि एक पानाचा कागद द्या. असा लिहा:

“माझ्या बाळंतपणाच्या वेळी एक सोबतीण कळा सुरू झाल्यापासून बाळ जन्मल्यानंतर दोन तासांपर्यंत माझ्यासोबत राहावी, अशी विनंती आहे. त्या वैद्यकीय कामात हात घालणार नाहीत, उपचारांबद्दल परस्पर सल्ला देणार नाहीत, दुसऱ्या पेशंटकडे जाणार नाहीत, फोटो-व्हिडिओ काढणार नाहीत. आपण बाहेर थांबायला सांगितलं तर लगेच बाहेर थांबतील. स्वच्छ कपडे, टोपी, मास्क आणि चपला आपल्या नियमाप्रमाणे. माझ्या उपचारांबद्दलचे निर्णय मी आपल्या सल्ल्याने घेईन. गरज नसल्यास कळांचं सलाईन व कट टाळावा, हालचालीची मुभा असावी, नाळ एक ते तीन मिनिटांनी कापावी आणि बाळ-बाळंतीण ठीक असल्यास बाळाला पहिला तास माझ्या छातीवर ठेवावं. तातडीच्या प्रसंगी यातलं काहीही बाजूला ठेवायला माझी तयारी आहे.”

शेवटचं वाक्य गाळू नका. डॉक्टरांची खरी भीती तिथे आहे: उद्या काही झालं तर ही बाहेरची बाई साक्षीला उभी राहील, नातेवाइकांना भडकवेल, आणि जबाबदारी मात्र माझी. ही भीती खोटी नाही. म्हणून एकदा डूलाला घेऊन डॉक्टरांना भेटा. दहा मिनिटांच्या ओळखीने जे होतं ते कागदाने होत नाही. “इतर पेशंटची प्रायव्हसी” हे कारण दिलं तर विचारा, पडदा किंवा पार्टिशन आहे का, एकटीची खोली घेतल्यास परवानगी मिळेल का. डॉक्टर हो म्हणाले तर तुमच्या फाइलच्या पहिल्या पानावर लिहून सही घ्या. रात्री अडीच वाजता डॉक्टर नसतात, ड्यूटीवरची सिस्टर असते आणि तिला फक्त फाइल दिसते. तरीही नकारच मिळाला, तर बत्तिसाव्या आठवड्यात हॉस्पिटल बदलता येतं. छत्तिसाव्यानंतर अनेक ठिकाणी नवीन नाव घेत नाहीत.

ससून, कमला नेहरू, वायसीएम अशा सरकारी आणि महापालिकेच्या रुग्णालयांत जाणाऱ्यांसाठी गणित वेगळं आहे, आणि खरं तर तिथल्या बायकांसाठीच हे मांडायला हवं, कारण त्यांना पैसे मोजून डूला ठेवणं परवडणारं नाही. फेब्रुवारी २०१६ मध्ये केंद्राच्या आरोग्य मंत्रालयाने सरकारी दवाखान्यांत बाळंतपणाच्या वेळी सोबतीणीला परवानगी दिली. अटी अशा: नात्यातली बाई, जिचं स्वतःचं बाळंतपण झालेलं आहे, संसर्गजन्य आजार नसावा, कपडे स्वच्छ, पूर्ण वेळ थांबायची तयारी, उपचारांत आणि कर्मचाऱ्यांच्या कामात ढवळाढवळ नाही, दुसऱ्या बायकांकडे लक्ष द्यायचं नाही. जिथे आडोसा आहे तिथे नवऱ्यालाही सोडता येतं. डिसेंबर २०१७ पासूनच्या ‘लक्ष्य’ या लेबर रूम सुधारणा कार्यक्रमातही सोबतीण आणि आडोसा या दोन्ही गोष्टी आहेत.

अट नात्याची असल्यामुळे पैसे देऊन ठेवलेल्या डूलाला तिथे अडवलं जाऊ शकतं. मग नात्यातलीच एक बाई तयार करा. आई, मावशी, आत्या, थोरली जाऊ. निवडताना एकच पाहा: ती घाबरट नसावी आणि स्वतःच्या बाळंतपणाच्या भयकथा सांगणारी नसावी. तिला दोन दुपारी पुरतात. पहिल्या दुपारी कमरेचा दाब, श्वास, स्थिती बदलणं, हे प्रत्यक्ष हाताने करून. दुसऱ्या दुपारी काय बोलायचं नाही ते: “एवढ्यातच ओरडतेस?”, “आमच्या वेळी असं नव्हतं”, “अजून किती वेळ हो, सिस्टर?” यांच्या जागी “ही कळ गेली, आता सैल सोड.” आणि तिच्या पिशवीत तिच्यासाठीही डबा, पाणी, एक शाल. उपाशी सोबतीण पाच तासांनी चिडते, आणि तिची चिडचिड थेट बाळंतिणीवर निघते.

घरी बाळंतपण करण्याबद्दलही विचारलं जातं, म्हणून सांगते. आजच्या पुण्यात मी ते सुचवत नाही. बाळंतपणानंतर अर्धा लिटर किंवा जास्त रक्त गेलं तर गर्भपिशवी आवळणारी औषधं, सलाईन, रक्तस्राव थांबवणारं ट्रॅनेक्झॅमिक अ‍ॅसिड आणि गरज पडल्यास रक्त, हे सगळं मिनिटांच्या हिशेबात लागतं. ज्या देशांत घरची बाळंतपणं सुरक्षित होतात तिथे नोंदणीकृत मिडवाइफ, औषधांची पेटी, ठरलेली रुग्णवाहिका आणि वाट पाहणारं हॉस्पिटल अशी साखळी असते. आपल्याकडे ती साखळी नाही, आणि कात्रज चौकातली रहदारी आहे. आधीची सिझर, जुळी, पायाळू बाळ, वाढलेला रक्तदाब, सदतीस आठवड्यांच्या आत कळा, यांत तर विचारही नको. अशा बायकांना डूला हवीच, पण पूर्ण सुसज्ज हॉस्पिटलात.

बाळ जन्मल्यानंतरचे दोन तास सोबतीणीने हलायचं नाही, हे कागदात मुद्दाम घातलंय. सर्वांत जास्त रक्तस्राव याच काळात होतो. कर्मचारी बाळाकडे आणि पुढच्या पेशंटकडे वळलेले असतात, घरचे पेढे वाटत असतात. पॅड पंधरा मिनिटांच्या आत चिंब झाला, मोठ्या गाठी गेल्या, चेहरा पांढरा पडला, घाम फुटला, “मला कसंतरी होतंय” म्हणाली, की लगेच सिस्टरला हाक. याच वेळी कुणी मध चाटवायला किंवा घुटी द्यायला पुढे येतं. मधातून लहान बाळाला गंभीर विषबाधा होऊ शकते. पहिला घास आईच्या दुधाचा, पहिल्या तासातच.

घरी आल्यावर मालिशवाल्या बाई येतात, डिंकाचे-अळिवाचे लाडू येतात, ते येऊ द्या. मात्र दारं-खिडक्या बंद करून खोलीत शेगडी पेटवायची नाही. कोळशाचा विषारी वायू दिसत नाही आणि वासही येत नाही. लोहाच्या गोळ्या बाळंतपणानंतरही १८० दिवस घ्यायच्या. सरकारी योजनेत आशाताईंच्या घरभेटी तिसऱ्या, सातव्या, चौदाव्या, एकविसाव्या, अठ्ठाविसाव्या आणि बेचाळिसाव्या दिवशी असतात. सोसायटीच्या गेटवर वॉचमन त्यांना अडवतो, त्याला आधी सांगून ठेवा. दोन आठवड्यांनंतरही रडू येत असेल, झोप उडाली असेल, बाळाबद्दल काहीच वाटत नसेल, तर ते मनाचं दुखणं आहे, लाड नव्हेत. डॉक्टरांना दाखवायचं.

शेवटचा भाग, एका बाईपुरता नसलेला. १८६३ साली जोतीराव आणि सावित्रीबाई फुल्यांनी याच शहरात विधवांच्या बाळंतपणासाठी घर उघडलं. पुण्यात हे काम नवीन नाही. आज मागायच्या गोष्टी ठोस आहेत: प्रत्येक टेबलाभोवती पडदा, दारावर सोबतीणीच्या हक्काचा मराठी फलक, आणि प्रशिक्षित नर्सची लेबर रूममधून बदली न करणं. तिसरी सर्वांत महत्त्वाची. बाळंतपणात हात बसलेली सिस्टर सहा महिन्यांनी दुसऱ्या वॉर्डात जाते आणि तिथला सगळा अनुभव वाया जातो. ‘लक्ष्य’मध्येही लेबर रूमच्या कर्मचाऱ्यांना फिरवू नये असंच सांगितलंय. महिला मंडळ, बचत गट किंवा एकटी बाईसुद्धा महापालिकेच्या आरोग्य विभागाकडे १० रुपये भरून माहिती अधिकाराचा अर्ज करू शकते. अर्जात एवढंच विचारा: आमच्या भागातल्या प्रसूतिगृहात लेबर टेबलं किती, पडदे किती टेबलांना, सोबतीणीला परवानगी देणारा आदेश कुठल्या तारखेचा, गेल्या वर्षात लेबर रूममधल्या किती नर्सची बदली झाली, आणि मिडवाइफरीच्या १८ महिन्यांच्या प्रशिक्षणाला किती जणींना पाठवलं. उत्तराला ३० दिवसांची मुदत असते. ते हातात आलं की त्याची प्रत आणि मागण्यांचं पत्र घेऊन आधी त्या प्रसूतिगृहाच्या वैद्यकीय अधिकाऱ्यांना भेटा, मग नगरसेवकांना.